झाकणाचा आवाज

मी सुलक्षणा. गोरेगावच्या एका स्टुडिओत सिनेमांचे आवाज भरते. बोलण्याचे नव्हेत, पावलांचे, भांड्यांचे, माराचे. हाड मोडायचं तर कोबीचा दांडा, डोकं आपटायचं तर ओला टॉवेल. तेवीस वर्षं हेच करतेय. माझ्या कानातून काही सुटत नाही, असा माझा तोरा.

त्या दिवशी मल्याळम सिनेमा होता, हिंदीत आणायचा. त्यातला नवरा गावच्या वाचनालयाचा चिटणीस. चौकात समतेवर भाषण ठोकून घरी येतो आणि मीठ कमी पडलं म्हणून बायकोचं डोकं चुलीमागच्या भिंतीवर आपटतो. मल्याळमवाल्यांच्या मारामारीत ढिश्शुम नसतं, व्हायोलिनही नसतं. माणूस मारतो, दमतो, लुंगी सावरतो. बाहेर सासू-सासरे मासळीचं कालवण भातात कालवत राहतात. बघून माझं डोकंच फिरलं.

माझी मुलगी दिशा सोबत होती. चार दिवस माहेरी आलेली. संध्याकाळी जावई हर्षद तिला स्टुडिओतूनच बोरिवलीला न्यायला येणार होता. "मला नाही जायचं," एवढंच ती सकाळपासून म्हणत होती. मी म्हटलं होतं, "संसारात भांड्याला भांडं लागतंच गं."

दहा वेळा टॉवेल आपटला. रेकॉर्डिस्ट विद्याधर दर वेळी मान हलवायचा. "खोटं वाटतंय ताई."

"आधी बांगड्या वाजतात," दिशा मागून म्हणाली. "मग डोकं. मग बाहेर जेवणारे एक क्षण थांबतात आणि पुन्हा जेवायला लागतात."

"तुला काय माहीत?"

"गणपतीत तू आमच्याकडे जेवत होतीस ना? किचनमध्ये आवाज झाला. तू बाहेरून विचारलंस, झाकण पडलं का गं? आणि भात वाढून घेतलास."

खरं सांगते, ते झाकण नव्हतं. स्टीलचं झाकण पडलं की फिरत फिरत थांबतं. मला तेव्हाच कळलं होतं. तरी मी जेवले. मला माझीच किळस आली.

तेवढ्यात दार उघडून हर्षद आत आला. "चल, उशीर होतोय," म्हणत त्याने दिशाचा दंड आवळून ओढला. तिच्या बांगड्या वाजल्या.

मी त्याच्या अशी कानाखाली दिली की तो माइकच्या स्टँडसकट आडवा झाला. उठायला लागला तशी पुन्हा दिली. ओठ फुटला. विद्याधरने हेडफोन ओरबाडून काढले.

"आई, वेड लागलंय का तुम्हाला?" हर्षद रक्त पुसत ओरडला.

"काही नाही, जावईबापू. झाकण पडलं," मी म्हटलं. "दिशा येत नाही."