हॉलमधलं गोळीचं भोक

"कुवेतच्या या अख्ख्या सलवा भागात नव्वद सालातलं ओरिजिनल भोक फक्त आपल्याच घरात आहे," बाबांनी एल्साला फोनवर ठणकावलं. "इराकी गोळी. माझ्या कानाला घासून गेली. इंजिनियर माणूस आहे मी, व्यास सांगू?"

एल्सा मोझांबिकची, सिनेमे करते. लढाई संपल्यावर घरांच्या भिंतींवर काय उरतं, ते शूट करत फिरते. तिच्या देशातून पोर्तुगीज गेले, मग सोळा वर्षं आपसातच पेटलं, आणि तिच्या घरच्या भिंतीला एक भोक राहिलं. तिच्या आईने ते मातीने लिंपून टाकलं. गोळी आली तेव्हा तिथे कोण उभं होतं, हे न सांगताच आई गेली. कुवेतमधला एल्साचा हा शेवटचा दिवस होता आणि आमचं भोक म्हणजे तिच्या सिनेमाचा शेवटचा सीन.

दुपारी मी तिला घेऊन घरी आले. बाबांनी दिमाखात कॅलेंडर बाजूला केलं. मागे गुळगुळीत, क्रीम रंगाची भिंत.

"शामला! भोक कुठंय?"

"बुजवलं," आई पोह्यांच्या बशा घेऊन बाहेर आली. "काल माणूस बोलावून पुट्टी भरून घेतली, वर रंग. परदेशची पाहुणी, कॅमेरा घेऊन येणार. भोक पडलेल्या घरात बसवायचं होय तिला?"

"अगं, ती भोकासाठीच आलीये!"

"मग तसं सांगायचं ना! तुम्ही म्हणालात, हॉलचं शूटिंग आहे."

मी एल्साला हे समजावलं. ती खुर्चीत बसली, आधी हसली, मग तिने डोळे पुसले. "माझी आईच भेटली की इथे," म्हणाली.

मी ते आईला सांगितलं. आईने बशा खाली ठेवल्या. पस्तीस वर्षं हॉस्पिटलात नर्स, इंग्रजी फाडफाड बोलते. पण आत्ता मराठीतच म्हणाली, "जुईली, सांग तिला. यांच्या कानाला वगैरे काही घासलं नाही. हे बाथरूममध्ये होते."

"शामला..."

"नळ सोडून बसले होते. इथे मी होते, केस विंचरत. पिन पडली, ती उचलायला वाकले." आईने मानेच्या उंचीवर भिंतीकडे बोट नेलं, टेकवलं मात्र नाही. "ही पोटात होती. दुसरा महिना."

हे मला इंग्रजीत सांगायचं होतं. 'ही' म्हणजे मी. दोनदा अडखळले.

"मला का नाही बोललीस?" बाबांचा आवाज अगदी बारीक झाला होता.

"मराठी मंडळात तुम्ही इतकं रंगवून सांगायचात. मध्येच कशाला मोडता घालू?"

बाबा जवळ गेले आणि तिच्या मानेवर हात ठेवून नुसते उभे राहिले. एल्साचा कॅमेरा चालूच होता. तो बंद करून ती म्हणाली, "झालं माझं. भोक नको आता."

"असं कसं?" आई म्हणाली. "एवढ्या लांबून आलीये, रिकाम्या हाती पाठवायची? अहो, उघडा ते."

बाबांनी हातोडी आणली.

"हळू मारा."

"मला शिकवू नकोस. भिंतीचा अंदाज आहे मला."

दुसऱ्या घावाला हातोडी आरपार गेली. पलीकडे शेजारच्या मुनव्वरभाईंचं स्वयंपाकघर होतं. प्लास्टर त्यांच्या बिर्याणीत पडलं.