खंडेनवमीला बंद केलेली पेटी

इंद्रजितने माझं नाव पुसलं त्याला तीन वर्षं झाली. तेव्हापासून मी एका खंडेनवमीची वाट बघत होते, आणि हे सांगताना मला जराही लाज वाटत नाही.

लोणी भापकरच्या रस्त्यावर डाळिंबाचं शीतगृह आहे. तिथल्या कॉम्प्रेसरना चालवणारी लोखंडी पेटी मी शहाण्णव साली तयार केली. तिच्या आतली ऑपरेटिंग सिस्टीमही माझीच. ती चारच कामं करायची: थंडी मोजायची, कॉम्प्रेसर चालू-बंद करायचे, पंखे फिरवायचे आणि बिघाड झाला की भोंगा वाजवायचा. आपल्या मोबाईलमधली सिस्टीम शंभर कामं करते आणि एकाही कामाशी लग्न लावत नाही. माझीने चार कामांशी लावलं होतं आणि सत्तावीस वर्षं निभावलं.

इंद्रजितला हाताला धरून हे सगळं मीच शिकवलं. तो मोठा साहेब झाला, मला जुनी म्हणून घरी पाठवलं आणि माहितीपत्रकात छापलं की ही यंत्रणा इंद्रजितसाहेबांनी विकसित केली. शीतगृहाच्या मालकांनी त्याला शाल दिली. मी कन्हेरी गावी घरी आईला माहितीपत्रक वाचून दाखवलं आणि त्याच दिवशी गप्प बसायचं ठरवलं.

कारण मला एक गोष्ट माहीत होती. त्या काळात चिपवर प्रोग्राम कायमचा उतरवायचं यंत्र आमच्याकडे नव्हतं. प्रोग्राम राहायचा साध्या मेमरीत, आणि पेटीची वीज गेली तर एक छोटी बॅटरी तो जपायची. ती मी दरवर्षी बदलायचे, पेटी चालू ठेवूनच; इंद्रजितने त्यात कधी लक्ष घातलं नाही. गावातली वीज गेली तर इन्व्हर्टर होता. खंडेनवमीला सगळी यंत्रं बंद करून, पुसून, झेंडू वाहून पूजा होते, पण या पेटीला मी चालू असतानाच हळदकुंकू लावायचे. वर लाल कागद चिकटवला होता: कधीही बंद करू नये. तपासणीचे पाहुणे येणार होते तेव्हा इंद्रजितनेच तो खरवडून काढला, वाईट दिसतो म्हणून.

दोन खंडेनवम्या बॅटरीने तारून नेल्या. तिसऱ्या वेळी ती मेलेली होती. इंद्रजितने स्वतः इन्व्हर्टरची पिन काढली, नारळ फोडला, अर्ध्या तासाने पिन लावली आणि पेटी मुकी झाली.

त्याचे फोन मी घेतले नाहीत. मग इंदापूरच्या सोपानतात्यांचा आला.

"रोहिणी, माझं सगळं डाळिंब हाय गं आत. उद्या कंटेनर भरायचाय."

तात्यांशी माझं वैर नव्हतं. अख्खा प्रोग्राम हाताने उतरवून ठेवलेली कपाटातली वही घेऊन मी निघाले.

दारात पंधरा-वीस बागायतदार उभे होते. इंद्रजित पुढे आला, मॅडम मॅडम करायला लागला. वही मागितली, म्हणाला ऑपरेटर भराभर टाकेल. मी म्हटलं, ऑपरेटर नाही, तुम्ही. तुमचीच यंत्रणा आहे ना.

प्रोग्राम म्हणजे अंक-अक्षरांच्या दोन हजार अठ्ठेचाळीस जोड्या. मी वाचायचे, तो पेटीवरच्या सोळा बटणांनी एकेक टाकायचा. प्रत्येक ओळीच्या शेवटी बेरीज जुळायला हवी. न जुळली की मी म्हणायचे, ओळ परत. चूक कुठे झाली ते मला दिसत होतं. मी सांगत नव्हते. त्याचा शर्ट घामाने भिजला होता. थंडी अजून पाच तास टिकणार होती, हे मी आल्याआल्या थर्मामीटर बघून ताडलं होतं. त्याला ते माहीत नव्हतं, आणि मी कळूही दिलं नाही. दया यायला हवी होती, असं नंतर आई म्हणाली. नाही आली. गोड वाटत होतं.

साडेतीन तासांनी शेवटची जोडी पडली. मी त्याला चालूचं बटण दाबायला लावलं. आधी छोट्या पडद्यावर इंग्रजी अक्षरं उजळली, मग आत कॉम्प्रेसर धडधडले.

तात्या पुढे येऊन पडद्याकडे बघायला लागले. त्यांना इंग्रजी येत नाही.

"काय लिवलंय वो सायेब?"

इंद्रजितने वाकून पडद्याकडे पाहिलं. तीन वर्षं तो पेटीचा निर्माता म्हणून मिरवला, पण ती सुरू होताना पहिलं काय दाखवते हे त्याला माहीत नव्हतं. बॅटरी होती तोवर पिन परत लावली की ती थांबली तिथूनच पुढे चालायची, पहिल्यापासून सुरू कधी झालीच नव्हती. आता त्याने ती अक्षरं स्वतःच्या बोटांनी आत घातली होती.

"रोहिणी," तो पुटपुटला. "बनवणारी, रोहिणी."

"मोठ्यानं सांगा," तात्या म्हणाले. "मागच्यांना ऐकू यीना."

त्याने मोठ्याने सांगितलं.

मी वही पिशवीत घातली. नवी बॅटरी कोण बसवणार, असं त्याने हळूच विचारलं. मी म्हटलं, माहितीपत्रकात बघा.