बादशहाभाईंनी काढलेले पाच पडदे

मिरजेत सतारी दुरुस्त करणाऱ्या बादशहाभाईंचा हात इतका साफ होता, की जे मोडलेलं नाही तेही ते दुरुस्त करून देत. परवा त्यांच्याकडं तुर्कस्तानचा साज आला. लांब मानेचं वाद्य. विमानात ती मान तडकलेली. मालकीण नेसरीन. तिच्या वडिलांनी ह्याच साजावर एक गाणं बांधलं आणि त्यापायी सात वर्षं तुरुंगात काढली. गाण्यावर तिकडं अजून बंदी होती. आज संध्याकाळी सहाला सांगलीच्या कार्यक्रमात नेसरीन तेच गाणार होती.

भाईंनी मान झकास जोडली. मग त्यांची नजर पडद्यांवर गेली. पडदे म्हणजे मानेवर बांधलेले नायलॉनचे दोरे. त्यांच्यापाशी तार दाबली की सूर निघतो. त्यातले पाच भलत्याच जागी होते. दोन सुरांच्या मधोमध, रस्त्यात म्हैस बसल्यागत. भाईंनी ते कापले, खुणा घासल्या, वरून पॉलिशही मारलं.

बाराला नेसरीन आली. तिचं इंग्रजी सांगायला भाईंची लेक साबेरा होती. ती हायस्कुलात शिकवायची. नेसरीननं साज छातीशी धरला, चार सूर वाजवले आणि थांबली. मग हळूच काहीतरी बोलली.

“काय म्हणती?”

“म्हणती, तीन सरकारांना जमलं नाही ते तुम्ही एका सकाळीत केलं. गाणं बंद पाडलं.”

“आगं, बेसूर हुते ते पडदे! चाळीस वर्सं हेच करतोय म्हणावं.”

“तिच्या वडिलांनी बांधलेले होते, अब्बा.”

“मग त्यास्नी कुणी सांगितलं कसं न्हाई?”

“सांगितलं की. सात वर्षं आत ठेवून सांगितलं.”

चहा घेऊन आलेला टपरीवाला कृष्णात म्हणाला, “भाई, तुमी सरकारात पायजे हुता.”

भाई कपाटाकडं वळले ते दोऱ्याचं रीळ घेऊनच बसले. “गा म्हणावं तिला. गळ्यावरनं बांधतो.”

नेसरीन गायला लागली. साबेरा अर्थ सांगत होती: जेलरसाहेब, भिंत आणखी वाढवा, चिमणी अजून येतेय. भाई दोरा सरकवत होते. त्यांचा हात जिथं थांबे, तिथून केसभर खाली तिचा गळा थांबे. तीनदा त्यांनी सवयीनं बरोबर जागा धरली. तीनदा नेसरीननं नाही म्हणून मान हलवली. चौथ्यांदा भाईंनी डोळे मिटले, दात आवळले आणि दोरा चुकीच्या जागी बांधला. सूर गळ्याला जाऊन चिकटला.

“चुकलाय,” भाई म्हणाले, “पन लय बरोबर चुकलाय.”

चारपर्यंत पाचही झाले. नेसरीननं पूर्ण गाणं वाजवलं. चिमणीच्या ओळीला तो मधला सूर आला, तेव्हा समोरच्या टपरीवर कृष्णातचं दूध उतू गेलं आणि तो ऐकत तिथंच उभा राहिला.

मग तिनं वडिलांना फोन लावून ऐकवलं. ऐकून पलीकडून म्हातारा दोन वाक्यं बोलला.

“काय म्हणत्यात? बरोबर हाय का?” भाईंनी विचारलं. आपलं काम बरोबर आहे का, हे चाळीस वर्षांत त्यांनी कुणाला विचारलं नव्हतं.

“म्हणतात, माझाच साज आहे. फक्त तिसरा पडदा केसभर वर बसलाय.”

भाईंनी तार छेडली, कान लावला, पुन्हा छेडली.

“व्हय गड्या,” ते फोनकडं बघून म्हणाले आणि तिसरा पडदा सोडायला बसले.