फौजदाराची मिशी

कडेगावच्या लालासाहेबांचं नाव फार थोड्यांना ठाऊक, तोंड मात्र साऱ्या महाराष्ट्राला पाठ. सरपंच, भटजी, दारुडा सासरा, इमानदार हवालदार, सांगाल ते. बाजारात बाया अडवून विचारायच्या, "आवं, तुमी त्या मालिकेत मेला न्हवं?" लालासाहेब हसून म्हणायचे, "मेलो की. दुसरीत जिता हाय." दगडाला रडवील असा नट, पण पोस्टरवर जागा कायम कोपऱ्यात.

यातलं एक सोंग त्यांच्या अंगाशी आलं. एका मालिकेत ते फौजदार होते, आणि फौजदाराचा सगळा रुबाब त्या पिळदार मिशीत. ती मिशी त्यांची स्वतःची. ऐन रंगात गावाकडं वडील गेले. बापाला अग्नी थोरल्यानं द्यायचा, डोकं-मिशी उतरवून. ही रीत काय त्यांना कुणी शिकवायला नको होती. पण निर्मात्याचा फोन आला. दुःख वगैरे व्यक्त करून झाल्यावर तो म्हणाला, "दादा, मिशी तेवढी सांभाळा. परवा शूटिंग आहे. खोटी लावली की जवळून कळते." लालासाहेबांनी इथं माती खाल्ली. पलटणीतून रजा काढून आलेल्या धाकट्या भावाच्या, धनाजीच्या हाती त्यांनी मडकं दिलं आणि स्वतः मिशीसकट गर्दीत उभे राहिले.

महिना उलटायच्या आत मालिकेचा लेखक बदलला, फौजदाराची बदली झाली आणि लालासाहेब घरी बसले. धनाजीनं त्यांच्याशी बोलणं टाकलं ते टाकलंच. भावाभावांत बांधावरून फाटतं, ह्यांच्यात मिशीवरून फाटलं, असं गाव म्हणायचं.

यंदा वाईच्या घाटावर नव्या मालिकेचं काम निघालं. मालिकेतला बाप मरतो आणि लेक मुंडण करतो, असा प्रसंग. मेकअपवाला रबरी टक्कल घेऊन आला तर लालासाहेब म्हणाले, "ठेव ते. खरंच उतरवू." दिग्दर्शक हरखून गेला. ह्यांच्या पोटात काय होतं ते कुणाला कळणार? कृष्णामाईच्या काठी वस्तरा लागतोयच, तर तो आपल्या आबांच्या नावानं लागू दे, एवढंच त्या बिचाऱ्याला वाटत होतं.

वस्तरा फिरायला लागला तसे ते तोंडातल्या तोंडात म्हणाले, "आबा, लय उशीर केला." मग त्यांना जे रडू फुटलं ते काही केल्या आवरेना. दिग्दर्शकाला थांबवायचंही भान राहिलं नाही. शेवटी सगळ्या युनिटनं टाळ्या वाजवल्या, आणि त्या टाळ्यांची लालासाहेबांना मेल्याहून मेल्यासारखी लाज वाटली.

त्याच पावली कडेगावची एसटी धरून, पलटण सोडून गावी राहिलेल्या भावाच्या दारात जायला हवं होतं. नाही गेले. धाडस झालं नाही. भाग लागला की धना बघेल, आपला भाऊ आहे, ओळखेल, अशी त्यांनी मनाची समजूत घातली.

भाग लागला, धनाजीनं तो बघितला आणि इतक्या वर्षांनी त्याचा फोन आला. लालासाहेबांनी भरल्या ताटावरून उठून उष्ट्या हातानंच तो घेतला.

"धना!"

"बघितलं म्या. सिरेलच्या बापाला डोस्कं दिलंस. आपल्या बापाला मिशी दिली न्हाईस."

"अरं, ते आबांचंच केलं रं मी. सीन नुसता नावाला. आबांची शपथ, खरं रडलोय."

धनाजीचा आवाज चढला नाही, उलट खाली आला.

"दादा, तू कवा खोटं रडलायस? समदी दुनिया म्हणती, तुझं खरंच वाटतं."

फोन बंद झाला. परत लावावा म्हणून लालासाहेबांनी घसा खाकरला, "धना, ऐक" असं एकदा हळू म्हणून बघितलं, एकदा जरा कळवळून. दोन्ही सूर त्यांना ओळखीचे वाटले. कुठल्या ना कुठल्या मालिकेत ते वापरून झाले होते.