खिडकीतला दहावा

शर्यत सुरू झाली की झेलिग वाल्डमानचे ओठ हलू लागत. ब्राउन्सव्हिलमधल्या आमच्या यहुदी वस्तीला याचं भारी कुतूहल. कोणी म्हणे, घोड्याच्या कानात मंत्र सांगतो. कोणी म्हणे, मंत्र कसला, मालकाला शिव्या घालत असेल. वाळत घातलेल्या कपड्यांआडून बायका तर गाणंच म्हणत:

घोडा माझा वारा गं, वाऱ्याला नाही दोर,
सोडेवाल्याच्या पोरानं हरवले थोर थोर.
घोडा माझा पाणी गं, पाण्याला नाही पाय,
जिंकून येतो लेक, तरी उपाशी का गं माय?

लेकच उपाशी, कारण जॉकी जितका हलका तितका बरा, त्याचा वजनाचा काटा भुकेवर चालतो. मी ग्रेव्हसेंडच्या मैदानावर जॉकींच्या खोलीत त्यांचे रेशमी अंगरखे शिवायचो, उसवलेले सांधायचो. तिथं लिंबाची फोड चोखून दिवस काढणारी माणसं मी रोज बघत होतो.

झेलिगचा बाप सोडावॉटरच्या बाटल्यांची गाडी हाकायचा. मल्का नावाची म्हातारी घोडी होती, पोरगं तिच्याच पाठीवर वाढलं. एकदा ती ट्रामला बुजून उधळली. बाटल्या फुटताहेत, माणसं पळताहेत, आणि हे चिमणं तिच्या मानेवर आडवं पडून तिला गोंजारतंय! रस्त्यात उभ्या एका घोडे शिकवणाऱ्यानं ते पाहिलं आणि पोराला तबेल्यात नेलं. मिसरूड फुटायच्या आत झेलिग जिंकू लागला. एका मोसमात तर साऱ्या देशात त्याच्याइतक्या शर्यती कुणीच जिंकल्या नाहीत.

पण शर्यती शनिवारीही असतात, आणि शनिवार म्हणजे आमचा शब्बाथ, कामाला हात न लावायचा दिवस. बाप म्हणाला, "शब्बाथच्या दिवशी घोडा पळवतोस? अरे, माझी मल्कासुद्धा शनिवारी ठाणावर उभी असते! तिला कळतं ते तुला कळेना?" त्या दिवसापासून तो लेकाच्या पंगतीला बसला नाही. एकही शर्यत न बघता वसंतातल्या सणानंतर वारला.

आईनं झेलिगला एवढंच सांगितलं, "शनिवार तू त्याला दिला नाहीस. आता वर्षभर रोजचा कद्दीश तरी दे. एक दिवस चुकवलास तर मला तोंड दाखवू नकोस."

कद्दीश म्हणजे लेकानं बापामागे म्हणायची प्रार्थना. ती एकट्यानं म्हणता येत नाही, दहा यहुदी पुरुष हजर लागतात. सकाळी झेलिग घोडे फिरवायचा, रात्री वजन उतरवायला वाफेच्या खोलीत बसायचा. उरली दुपार. तेव्हा मैदानातच, पैजवाल्यांच्या पाट्या ठेवायच्या फळ्यांच्या खोपटात, आम्ही रोज दहाजण जमवू लागलो. पैजा घेणारे, कारकून, मी. सगळे शब्बाथ मोडणारे, पण आमेन म्हणायला खणखणीत.

"देवाला आज बरं गिऱ्हाईक मिळालंय," शाया पैजवाला म्हणायचा. त्याची हिरवी छत्री साऱ्या मैदानाला ठाऊक होती.

ओठांचं गुपित झेलिगनं मला खोगिराचा पट्टा शिवताना सांगितलं. "नफ्तालीकाका, शर्यत जोरावर नाही, वेळेवर जिंकतात. घोड्याचा दम केव्हा खर्च करायचा ते कळलं पाहिजे. दुसऱ्यांना शिकवताना हातात घड्याळ द्यायचे. माझ्याजवळ आपलं रोजचं स्तोत्र होतं. रब्बीच्या छडीखाली पाठ केलेलं, त्यामुळे चाल कधी बदलत नाही. दोन चरणांत मैदानाच्या कडेचा एक खांब मागे गेला तर घोडा बरोबर चाललाय."

"आणि तो डेनी क्विल? तोही तुझ्यासारखाच नेमका असतो."

"तेच तर मला कळत नाही," झेलिग म्हणाला.

क्विल आयरिश. शर्यतीआधी छातीवर क्रूसाची खूण करायचा आणि झेलिगला टोमणे मारल्याशिवाय त्याच्या घशाखाली पाणी उतरायचं नाही. "काय सोडेवाल्या, आज कुणाला बुडबुडे विकणार?" त्याचा मालक यहुद्याला आपल्या तबेल्याच्या फाटकातही उभा करत नसे. पण नवल असं की झेलिगनं घोडा आवरला की क्विलचाही आवरलेला असायचा. झेलिगनं सोडला की त्याचाही सुटलेला. दोन घरांत एकच घड्याळ वाजावं तसं. मी कठड्याशी उभा राहून क्विलचं तोंड बघायचो, पण तो मान खाली घालून बसायचा. काही दिसायचं नाही.

त्या वर्षी पैजांविरुद्ध नवा कायदा आला. शरदातल्या एका दुपारी पोलीस मैदानात शिरले आणि पैजवाले चिमण्यांसारखे उडाले. शर्यती खोळंबल्या. अखेरची सुटली तेव्हा सावल्या लांब झाल्या होत्या. झेलिग आणि क्विल वळणापासून मानेला मान लावून आले. क्विल नाकभर पुढे निघून जिंकला.

झेलिग शर्यतीनंतरचं वजन काट्यावर देऊन खोपटात आला. चेहरा पांढराफटक.

"किती आहेत?"

"नऊ," शाया म्हणाला. "तेही मला धरून, आणि मी अर्धा मेलोय. कुंपणावरून उडी मारलीय या वयात. छत्री गेली."

"बाहेर कुणी?"

"बाहेर पोलीस आहेत. त्यांतला एखादा सुंता करून घेतोय का विचारू?"

कुणी हसलं नाही. फळ्यांच्या फटींतून येणारं ऊन तांबूस होत चाललं होतं. सूर्य बुडाला की दुपारची प्रार्थना गेली, आणि ब्राउन्सव्हिलला पोचेतो तिथलं प्रार्थनाघरही बंद होणार. झेलिग उलट्या बादलीवर बसला. मला हळूच म्हणाला, "काका, दहावा आहे."

"कोण?"

"आज वळणावर माझ्या डोळ्यांपुढे अंधारी आली. सकाळपासून पोटात काही नाही. स्तोत्राचा चरण हरवला. पुढचा काही केल्या आठवेना. तेवढ्यात बाजूच्या घोड्यावरून तोच चरण मला ऐकू आला. 'पडणाऱ्या सगळ्यांना तो सावरतो.' आपल्या प्रार्थनेच्या भाषेत. लिथुआनियाकडचे लोक म्हणतात त्या उच्चारात."

"क्विल?"

"क्विल. चरण मला दिला आणि शर्यत स्वतः घेतली."

"तुला ऐकू जावं म्हणून बोलला, की त्याचं त्याचं म्हणत होता?"

"कुणास ठाऊक."

शायाच्या कानातून काही सुटत नसे. "मग बसलायस काय? ओढून आण त्याला!"

"आणि उद्या त्याच्या मालकाला कळलं की?" झेलिग म्हणाला. "पोट जाईल त्याचं. माझ्या बापाच्या नावानं मी कुणाची भाकरी काढू?"

"आणि तुझी आई?"

झेलिग उठला, "काका, चला," म्हणाला.

जॉकींच्या खोलीत पाचसहा जण कपडे बदलत होते. क्विल बाकावर बसून बूट काढत होता. झेलिग त्याच्याकडे पाठ करून उभा राहिला आणि मला मोठ्यानं म्हणाला, "नफ्तालीकाका, आज काही जमत नाही. पाट्यांच्या खोपटात आम्ही नऊच आहोत. मागची खिडकी तेवढी उघडी ठेवतो, कोंदट होतंय."

"जा जा सोडेवाल्या," क्विल म्हणाला. "हरलास की तुला देव आठवतो."

खोली हसली. क्विल दुसरा बूट ओढू लागला. आम्ही परत आलो.

पाट्या आतबाहेर द्यायची ती खिडकी हातभर रुंद. झेलिगनं तिची फळी उचलून काठी लावली. आम्ही पूर्वेकडे तोंड करून उभे राहिलो. फटींतलं ऊन भिंतीवर चढत चढत छपराला टेकलं. कुणीतरी खोकलं. शाया पुटपुटला, "नऊ म्हणजे नऊच रे बाबा, नवसानं दहा होत नाहीत."

मागे गवत सळसळलं.

आमच्यात गेत्झल नावाचा म्हातारा पैजवाला होता. तरुणपणी पाठशाळेत तालमुद, म्हणजे आमचं धर्मशास्त्र, शिकलेला, मग घोड्यांच्या नादी लागलेला. त्यानं एकट्यानं मान वळवली. आम्हीही वळणार, तोच त्यानं हात वर केला.

"पुढे बघा सगळे. मी बघतो तेवढं पुरे."

"आत येणार नाही का?" शायानं विचारलं.

"यायची गरज नाही. भिंतीपलीकडचा माणूस खिडकीतून तोंड दाखवील तर तो दहांत धरला जातो. असं लिहिलंय. तोंड दिसतंय मला. दहा झाले. चल झेलिग, ऊन चाललं."

झेलिगनं सुरुवात केली. त्याचा आवाज एरवी बारीक, पण त्या दिवशी फळ्या घुमल्या. आमचं आमेन संपलं की मागून एक आमेन यायचं, जरा उशिरा. फार दिवसांनी घरी आलेला माणूस कुलूप चाचपतो, तसं. शेवटचं आमेन झालं आणि गवत पुन्हा सळसळलं. वळलो तर खिडकीत नुसतं तांबडं आभाळ.

"कोण होता रे?" शायानं गेत्झलला विचारलं.

"तोंड होतं," गेत्झल म्हणाला.

झेलिगनं आईला काय सांगितलं ते मला माहीत नाही. दुसऱ्या दिवशी त्यानं माझ्या पेटीवर तिनं दिलेली मधाची पोळी ठेवली, एवढं खरं. स्वतः मात्र तिला हात लावला नाही. तीन पौंड वजन उतरवायचं होतं.

त्याच दुपारी क्विल फाटकी बाही घेऊन माझ्याकडे आला. बाही फारशी फाटली नव्हती. मी सुई ओवली, तो उभाच राहिला. आसपास कुणी नाही असं बघून म्हणाला,

"त्याचा बाप लेकावर रागावूनच गेला म्हणतात."

"हो."

"माझाही." तो दोऱ्याकडे बघत पुढे म्हणाला, "तिकडं, गावाकडं. मला कळलं तेव्हा कद्दीशचं वर्ष उलटून गेलं होतं. आता काय करणार?"

"वर्ष उलटलं तरी पुण्यतिथी दर साली येते, तेव्हा कद्दीश म्हणता येतो. तारीख ठाऊक आहे?"

त्यानं नाही अशी मान हलवली. "हिवाळा होता, एवढंच."

"तारीख ठाऊक नसली की लेकानं एक दिवस ठरवावा आणि तोच पाळावा. तशी चाल आहे आपल्यात."

मी गाठ मारून दोरा तोडला, बाही त्याच्या हातात दिली.

"शनिवार नको पण," तो म्हणाला. "शनिवारी मला चार शर्यती असतात."