सैल जॅकेट

नदीकाठच्या शेडमध्ये ताई गेली नऊ वर्षं एक काम इमानेइतबारे करत होती. राफ्टमध्ये बसणाऱ्या प्रत्येकाचं लाइफ जॅकेट खांद्यांना धरून वर ओढायचं. कानापर्यंत आलं, की पट्टे आवळायचे. नाही आवळू दिले, तर माणूस काठावर.

त्या दिवशी एका कारखान्यातले सोळाजण आले होते. सोबत त्यांचे साहेब, चक्क सुरक्षा अधिकारी. बसमध्ये साहेबांनी सुरक्षेवर तासभर भाषण ठोकलं होतं. ऐकता ऐकता निम्म्यांचे डोळे मिटले, ती त्यांना एकाग्रता वाटली. स्वतःच्या जॅकेटचे चारही पट्टे मात्र त्यांनी सैल सोडले होते. आवळले की पोट फोटोत दिसत होतं.

ताईने ओढलं. जॅकेट थेट कानांवर.

"साहेब, आवळावं लागेल."

"अहो ताई, मला शिकवता? वीस वर्षं मी लोकांना हेच शिकवतोय!"

"मग तुम्हाला सोपं जाईल."

मागे कुणीतरी फिस्कन हसलं. राफ्टिंगच्या मालकाने ताईला बाजूला घेतलं. "पुढच्या महिन्यात यांचा आख्खा कारखाना यायचाय. गप्प बस, नाहीतर उद्यापासून घरी बस."

नोकरी गेली तर दुसरी नदी काही जवळ नव्हती. पण पुढच्या वळणावर खडकांतून पाणी उसळत होतं, आणि सैल जॅकेट नुसतं एकटंच तरंगत पुढे जातं, हे तिने एकदा पाहिलं होतं.

ती काठाच्या संथ, कमरेएवढ्या पाण्यात उतरली. "साहेब, सगळ्यांना जरा तरंगून दाखवा ना. तुमच्यासारखं कोण दाखवणार?"

साहेब फुलले. मालकही खुलला. साहेब ऐटीत पाण्यात उताणे झाले. जॅकेट वर आलं, साहेब खाली गेले. केशरी जॅकेटच्या मधोमध फक्त नाकाचा शेंडा आणि बाजूला फडफडणारे दोन हात! ताईने बखोटीला धरून त्यांना उभं केलं.

साहेब ठसकले, खोकले, नाक शिंकरलं, आणि काठाकडे वळून गरजले, "पाहिलंत? पट्टे सैल ठेवले की काय होतं, ते मी मुद्दाम करून दाखवलं!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. मालकाच्या सगळ्यात मोठ्या.

ताईच्या जिभेवर उत्तर अगदी धार लावून तयार होतं. तिने ते गिळलं आणि साहेबांचे पट्टे आवळायला घेतले. शेवटचा जरा जास्तच आवळला.

साहेब "अं" म्हणाले, पण जागचे हलले नाहीत.