लोपुडवर आलेले दोघे

आमच्या शहरात राज्याचा प्रमुख एका महिन्यासाठी निवडतात. त्याला क्नेझ म्हणतात. महिनाभर अंगावर लाल रेशमी झगा, पुढे वाजंत्री, शहराच्या वेशींच्या किल्ल्या ताब्यात, आणि महिनाभर महालाबाहेर पाऊल नाही. सिनेटच्या परवानगीशिवाय स्वतःच्या घरी जेवायलासुद्धा जायचं नाही. एकाच माणसाला फार दिवस मोठेपणा दिला की तो त्याच्या डोक्यात जातो, हे आमच्या वाडवडिलांना चांगलं ठाऊक होतं. म्हणून आमच्याकडे क्नेझ होणं म्हणजे मखमलीच्या गादीवरची कैद.

गोस्पार ओर्सात यांची पाळी नेमकी मे महिन्यात आली. (गोस्पार म्हणजे तुमचं 'राव' समजा.) नाव पुकारलं तेव्हा सगळ्यांनी अभिनंदन केलं आणि या माणसानं कपाळाला हात लावला. कारण त्यांची एकुलती एक लेक निका, समोरच्या लोपुड बेटावर दिलेली, तिचे दिवस मे महिन्यातच भरत होते. मागच्या खेपेला तिला बाळंतपणासाठी शहरात आणायला निघाले, तर वाटेत समुद्र खवळला, होडीतच तिला कळा आल्या आणि मूल गेलं. निका कशीबशी वाचली. या वेळी सुईणीनं बजावलं होतं की पोरीनं अंथरूण सोडायचं नाही. ओर्सातांच्या पत्नी देक्लाबाई एप्रिलपासून लेकीजवळ जाऊन राहिल्या होत्या. निकानं वडिलांना निरोप धाडला होता, "बाबा, तुम्ही आलात की मी घाबरणार नाही." आणि बाबा बसले होते महालात, लाल झगा घालून.

ओर्सातांनी महालातच भरणाऱ्या सिनेटकडे दोन दिवसांची रजा मागितली. गोस्पार मारोये उठले. हे मारोये म्हणजे सत्तरीचे, काटकुळे, ठरावातला स्वल्पविराम चुकला तरी सभा तहकूब करायला लावणारे गृहस्थ.  सभागृहाच्या दारावर कोरलेल्या ओळीकडे त्यांनी नुसतं बोट दाखवलं. घरचं विसरा आणि राज्याचं बघा, असं तिथे तीनशे वर्षं लिहिलेलं आहे. मग मतदान झालं. आमच्याकडे कापडी गोळ्या पेटीत टाकतात, म्हणजे कोणी कुठे टाकली त्याचा आवाज येत नाही. लाल पेटी उघडली तर नकाराच्या गोळ्यांनी गच्च भरलेली. ओर्सातांना इतका राग आला की त्या दिवशी त्यांनी कोबी-मटणाची आमटी तशीच परत पाठवली.

पण माणूस हुशार. त्यांनी जावयाला, स्त्येपोला, गुपचूप सांगून ठेवलं: मूल सुखरूप झालं की मठामागच्या मळ्यात ओल्या काटक्यांचा एक धूर कर, मी महालाच्या गच्चीवरून बघेन. एकच हं. त्यात एक मेख होती. बेटांवरून शहराला इशारा द्यायचा तो धुरानंच, जितकी परकी जहाजं तितके लोट. फक्त एकट्या जहाजाला आमचं शहर भीत नाही, त्यामुळे एका लोटाकडे कोणी ढुंकून पाहत नाही. कोणीतरी द्राक्षवेलींची छाटणी जाळत असेल, म्हणून सोडून देतात. दोन लोट शेजारी शेजारी उठले की मात्र घंटा वाजलीच पाहिजे.

अठरा मेच्या सकाळी घंटा वाजली. ओर्सात धावत गच्चीवर गेले. लोपुडवर, मठाच्या मागे, निळ्याशार आभाळात दोन लोट सरळ उभे होते. एक असता तर या माणसानं तिथेच फुगडी घातली असती. दोन पाहिल्यावर ते पुन्हा पुन्हा मोजत राहिले. दोन म्हणजे आपली खूण नव्हे. दोन म्हणजे परकी जहाजं, आणि त्या बेटावर आपली लेक अंथरुणाला खिळलेली, हलता न येणारी.

अर्ध्या तासात सिनेट भरलं. आता तुम्हाला वाटेल, राज्याचा प्रमुख आहे, द्यावा हुकूम आणि पाठवावं सैन्य. छे. आमच्या क्नेझला सिनेटनं ठराव केल्याशिवाय एक शिपाई एका दारातून दुसऱ्या दारात हलवता येत नाही. ओर्सात हात जोडून म्हणाले की दोन गलबतं आणि चाळीस माणसं द्या, मी स्वतः जातो. स्वतः जायची मागणी तर सभेनं ऐकूनही घेतली नाही. गलबतांचं नेतृत्व कप्तान व्लाहोकडे गेलं. आणि मग ठरावाचा मसुदा सुरू झाला, तो काही संपेना.

चिटणिसानं लिहिलं होतं, 'शत्रूवर'. मारोये म्हणाले, शत्रू कसे म्हणता? आपल्याला शत्रू नाहीत, आपण सगळ्यांना नजराणे देतो. सुलतानाची माणसं निघाली तर? शब्द खोडला. कोणी सुचवलं, 'चाचे'. व्हेनिसची माणसं निघाली आणि त्यांनी हा कागद वाचला तर वर्षभर खुलासे करत बसावं लागेल. तोही खोडला. 'जहाजं' लिहिलं, तर एकानं शंका काढली की त्या होड्या असतील आणि वकील म्हणतील ठराव लागूच होत नाही. ओर्सात खुर्चीवर नुसते तडफडत होते. तिकडे लेकीच्या दाराशी कोण उभं असेल नसेल, आणि इकडे ही मंडळी शब्द चाळत बसलेली.

शेवटी उरलं ते असं: 'लोपुड बेटावर आज नव्याने आलेले जे दोघे, त्यांच्याविरुद्ध क्नेझने गरज पडेल तेवढे बळ वापरावे. बेटाच्या पलीकडे जाऊ नये. आधी विचारपूस करावी, मग हत्यार उचलावे. त्या दोघांना कोणतीही इजा न करता या महिनाअखेरपर्यंत सिनेटपुढे हजर करावे, आणि क्नेझने जातीने त्यांना ताब्यात घ्यावे.' शेवटचं वाक्य मारोयेंचं होतं. कप्तानानं कैदी परस्पर मिरवू नयेत म्हणून. पांढरी पेटी भरली, ठराव झाला, आणि ओर्सातांनी सही केली.

गलबतं सुटली. वारा चांगला होता. ओर्सात गच्चीवर उभे राहिले ते दुपार टळेपर्यंत हललेच नाहीत. नोकरानं अंजिरं आणून ठेवली, तीही तशीच राहिली. ते मनात एकच घोकत होते, देवा, माझा झगा घे, माझी अब्रू घे, पण पोरीला हात लावू नको. लोट तर केव्हाच विरून गेले होते आणि तोफेचा एकही आवाज आला नव्हता. ही चांगली खूण की वाईट, हे त्यांना कळेना.

तिसऱ्या प्रहरी व्लाहोचं गलबत परतलं. सिनेट पुन्हा भरलं. व्लाहो आला, टोपी काढून उभा राहिला, आणि त्याचा चेहरा काही वेगळाच दिसत होता. तीस वर्षं समुद्रावर काढलेला, तोंडावर वार झेललेला गडी, पण ओठ आवळून धरले होते, जणू दाढ दुखतेय.

"दोघे सापडले का?" मारोयेंनी विचारलं.

"सापडले, गोस्पार. मठामागच्या घरात."

"प्रतिकार?"

"आरडाओरडा केला. भयंकर केला. नंतर झोपले."

"हत्यारं?"

"काही नाही. अंगावर कपडेसुद्धा धड नाहीत."

"विचारपूस केलीत? कोणाची प्रजा?"

"आपलीच," व्लाहो म्हणाला, आणि आता त्याला हसू आवरेना. तो ओर्सातांकडे वळला. "एक मुलगा, एक मुलगी. आज पहाटेचे. निका ठणठणीत आहे, क्नेझ. तिनं चाळीस शिपाई अंगणात बघितले आणि विचारलं, बाबांनी बारशाला एवढी माणसं कशाला पाठवली?"

झालं होतं ते एवढंच. स्त्येपोला सांगितलेलं एक मूल, एक धूर. दोन झाल्यावर त्या भोळ्या माणसानं हिशेबानं दोन धूर केले. एकासाठी केला आणि दुसऱ्यासाठी नाही केला तर दुसऱ्याला काय वाटेल, असं म्हणाला म्हणे.

 सभागृहाच्या कोपऱ्यातला एक म्हातारा खुदकन हसला आणि मग पन्नास माणसं पोटं धरून हसली. झगे सरकले, टोप्या पडल्या. ओर्सात तोंडावर हात घेऊन रडत होते आणि रडताना हसत होते. नंतर त्यांच्या ध्यानात आलं की हा सगळा घोळ आपल्या चोरट्या खुणेनं झाला. ते उठले, सगळं कबूल केलं आणि म्हणाले, "माझी चूक. ठराव रद्द करावा, आणि मला काय शिक्षा द्यायची ती द्यावी."

"ठराव रद्द होणार नाही," मारोये म्हणाले.

हसणं थांबलं. मारोये एकटेच हसले नव्हते. त्यांनी कागद मागवला, डोळ्यांजवळ धरला आणि ठणकावून सांगितलं की सिनेटचा ठराव म्हणजे पोरखेळ नव्हे. दोघे नव्याने आले आहेत, हे खरं. लोपुडवर आले आहेत, हेही खरं. आज आले आहेत, याला कप्तान साक्षी आहे. तेव्हा महिनाअखेरपर्यंत ते दोघे या सभेपुढे हजर झालेच पाहिजेत, इजा न होता, म्हणजे आईसकट, आणि सुईण होय म्हणेल त्याच दिवशी. तोवर मोहीम चालू राहील, एक गलबत बेटावरच थांबेल. लोकांनी एकमेकांकडे बघितलं. म्हाताऱ्याला वेड लागलंय, असं बरेच जण पुटपुटले. पण ठरावातलं अक्षर त्याच्या बाजूनं होतं, आणि मतदानात पांढरी पेटी पुन्हा भरली. ओर्सातांना वाटलं, हा माणूस भर सभेत आपली टर उडवतोय. त्या आठवड्यात ते मारोयेंशी एक अक्षर बोलले नाहीत.

तीस तारखेला समुद्र ताटातल्या पाण्यासारखा निवांत होता. सुईणीनं मान हलवली, आणि राज्याचं लढाऊ गलबत दोन तान्ह्या कैद्यांना घेऊन बंदरात शिरलं. अख्खं शहर धक्क्यावर लोटलं होतं. बायकांनी घरून अंडी-दुधाचा खरवसासारखा पदार्थ करून आणला होता, वाजंत्रीवाल्यांना कोणी सांगितलं नव्हतं तरी ते वाजवत होते. शिपाई दोन्ही बाजूंनी ताठ चालत होते, मध्ये पाळण्याच्या दोन टोपल्या, मागे निका आईच्या हाताला धरून, आणि सगळ्यांत शेवटी स्त्येपो, कानापर्यंत लाल झालेला.

सिनेट उभं राहिलं. चिटणिसानं ठराव वाचला.  मग व्लाहोनं विधिपूर्वक कळवलं की आरोपी हजर आहेत.

"क्नेझ," मारोये म्हणाले, "ताब्यात घ्या."

ओर्सात पायऱ्या उतरून खाली आले. आधी त्यांनी निकाला जवळ घेतलं. ती हळूच म्हणाली, "बाबा, मी घाबरले नाही." मग तिनं एक एक करून दोघांना त्यांच्या हातात दिलं, डोकं धरा, असं नाही, असं, म्हणत. लाल रेशमात दोन लाल चेहरे. मुलगा झोपलेला होता. मुलगी डोळे उघडून आजोबांच्या दाढीकडे टक लावून बघत होती. ओर्सातांचे डोळे भरून वाहत होते आणि हात रिकामे नव्हते, म्हणून पुसता येत नव्हते. शेजारी उभ्या असलेल्या मारोयेंनी खिशातून रुमाल काढला आणि जरा घुश्शातच त्यांचे गाल पुसून दिले.

"गोस्पार मारोये," ओर्सात अगदी हळू आवाजात म्हणाले, "त्या दिवशी तुम्ही ठराव मुद्दाम ठेवलात?"

मारोयेंनी मुलीच्या मुठीत आपलं बोट दिलं. तिनं ते घट्ट धरलं.

"तुम्हाला बाहेर सोडायला कायद्यात वाट नव्हती," ते म्हणाले. "पंधरा दिवस शोधली मी. यांना आत आणायची सापडली."